ग्रीक नाटक आणि हिब्रू धर्मग्रंथ यांतील विनोद: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

प्राचीन ग्रीक नाटके आणि हिब्रू बायबल (ख्रिस्ती वाचक ज्याला 'जुना करार' म्हणतात तो ग्रंथ) यांविषयी आलेल्या प्रश्नांत एक शंका निरनिराळ्या शब्दांत पुन्हा पुन्हा भेटते: इतक्या जुन्या आणि इतक्या गंभीर मानल्या गेलेल्या वाङ्मयात हसण्याजोगे खरोखर काही आहे का? आहे, आणि पुष्कळ आहे. ते हसू बाजूला ठेवून वाचले तर अनेक ठिकाणी मूळ आशयच हातून निसटतो, अशी आमची भूमिका आहे. बायबलमधील व्यक्तींची व पुस्तकांची नावे मराठी बायबलात रूढ आहेत तशीच ठेवली आहेत.

१. ग्रीक नाटकात विनोदाला स्वतंत्र स्थान होते का, की तो शोकांतिकेतच अधूनमधून यायचा?

दोन्ही गोष्टी होत्या. अथेन्समध्ये डायोनिसस या देवाच्या वसंतातील मोठ्या उत्सवात नाट्यस्पर्धा भरत असे. शोकांतिकेचा कवी तीन शोकांतिका आणि त्यांच्या जोडीला एक सॅटर नाटक सादर करी (सॅटर नाटकासाठी प्रश्न ६ पाहावा). कॉमेडीचे कवी वेगळे, त्यांची स्पर्धा वेगळी आणि बक्षीसही वेगळे. या उत्सवात कॉमेडीला अधिकृत स्थान इ.स.पू. ४८६ च्या सुमारास मिळाले. हिवाळ्यातील लेनाया उत्सवात तिची स्पर्धा इ.स.पू. ४४० च्या आसपास सुरू झाली. कोरसचा (गाणाऱ्या-नाचणाऱ्या समूहाचा) पोशाख आणि तालमी यांचा खर्च एखाद्या श्रीमंत नागरिकावर सोपवला जाई आणि निकाल नागरिकांतून निवडलेले परीक्षक देत. हसवणे हे नगराने पैसा, वेळ आणि मान देऊन चालवलेले सार्वजनिक काम होते, हे पुढील सर्व उत्तरे वाचताना लक्षात ठेवावे.

एकच कवी सहसा दोन्ही प्रकार लिहीत नसे. प्लेटोच्या 'सिम्पोझियम'च्या अखेरीस, रात्रभराच्या मेजवानीनंतर पहाटे, शोकांतिका आणि कॉमेडी या दोन्ही एकाच माणसाला लिहिता यायला हव्यात, असे सॉक्रेटिस दोन कवींच्या गळी उतरवत असतो. पण ते दोघे डुलक्या घेऊ लागलेले असतात.

२. ॲरिस्टोफेनीसचे नाव सतत येते. त्याचा विनोद नेमका कसा असतो?

ॲरिस्टोफेनीस (इ.स.पू. सुमारे ४४६ ते ३८६) याची अकरा नाटके आज पूर्ण स्वरूपात उपलब्ध आहेत, आणि त्यांतील नऊ इ.स.पू. पाचव्या शतकातील आहेत; त्या शतकातील कॉमेडीचे तेवढेच अखंड नमुने आपल्या हाती आहेत. रचना साधारण अशी असते: एका सामान्य माणसाला अफाट कल्पना सुचते आणि नाटक ती शेवटापर्यंत खरी मानून चालते. 'अकार्नियन्स'मध्ये (इ.स.पू. ४२५) एक शेतकरी युद्धाला कंटाळून स्पार्टाशी फक्त स्वतःपुरता तह करतो, 'पक्षी'मध्ये (४१४) दोन अथेन्सकर पक्ष्यांसाठी आकाशात नगर उभारतात, 'लिसिस्ट्राटा'मध्ये (४११) ग्रीसभरच्या स्त्रिया नवऱ्यांना जवळ येऊ देण्याचे नाकारतात आणि युद्धाचा पैसा ज्या अक्रोपोलिसवर ठेवलेला असतो ते ताब्यात घेतात. हे शेवटचे नाटक आले तेव्हा सिसिलीच्या मोहिमेत अथेन्सचे आरमार बुडून जेमतेम दोन वर्षे झाली होती, आणि प्रेक्षकांत मुले व भाऊ गमावलेली माणसे बसलेली होती.

साधने मात्र अतिशय भरड असत. सर्व भूमिका पुरुष करत, पोट आणि कुल्ले फुगवलेले असत, पुरुषपात्रांच्या कमरेला चामड्याचे लिंग लोंबत असे, आणि शौचाचे व संभोगाचे उल्लेख उघड येत. त्याच नाटकात कोरसची गीते नितांत सुंदर असतात. नाटकाच्या मध्याच्या सुमारास कोरस पुढे येऊन कथानक बाजूला ठेवतो आणि कवीच्या वतीने थेट प्रेक्षकांशी बोलतो. कधी परीक्षकांकडे बक्षीस मागतो, कधी नगराची कानउघाडणी करतो. इ.स.पू. ४०५ च्या 'बेडूक' नाटकात याच भागात, राजकीय उलथापालथीत नागरी हक्क गमावलेल्यांना ते परत द्यावेत, असा सल्ला दिला होता. तो नगराला इतका पटला की नाटकाला पुनःप्रयोगाचा दुर्मीळ मान मिळाला.

३. 'बेडूक' नाटकातील काव्य तोलण्याचा प्रसंग काय आहे?

युरिपिडीस आणि सोफोक्लीस हे दोघेही इ.स.पू. ४०६ मध्ये वारले आणि अथेन्समध्ये मोठा शोकांतिकाकार उरला नाही. म्हणून खुद्द डायोनिसस कवी परत आणायला पाताळात उतरतो. तेथे जुन्या पिढीतला शोकांतिकाकार एस्किलस आणि युरिपिडीस यांच्यात श्रेष्ठ कोण याचा वाद चालू असतो आणि शेवटी, बाजारात चीज तोलावे तशा, दोघांच्या ओळी तराजूत घालून तोलल्या जातात. युरिपिडीस पारड्यात जहाजाची ओळ टाकतो. एस्किलस नदीची ओळ टाकतो आणि त्याचे पारडे खाली जाते, कारण लोकर विकणारे जशी लोकर भिजवून वजन वाढवतात तशी त्याने ओळ भिजवली. दुसऱ्या फेरीत युरिपिडीस 'मन वळवणे' ठेवतो, एस्किलस 'मृत्यू' ठेवतो. तिसऱ्या फेरीत लोखंडाने जडावलेल्या सोट्याच्या विरुद्ध रथावर रथ आणि प्रेतावर प्रेत येऊन पडते.

हा प्रसंग समीक्षेचे विडंबन आहे आणि समीक्षाही आहे. एस्किलसची शब्दकळा खरोखरच जड आणि भव्य आहे, युरिपिडीसची हलकी आणि चपळ आहे. प्रेक्षकांना दोघांच्या ओळी पाठ असल्यामुळेच हा विनोद रंगत असे. नाटक पहिले आले. पुढच्याच वर्षी अथेन्सने स्पार्टाविरुद्धचे युद्ध गमावले.

४. देवाच्या उत्सवात देवाचीच थट्टा कशी चालत असे?

'बेडूक'मधील डायोनिसस भित्रा आहे. पिवळ्या झग्यावर महाबली वीर हेराक्लीसचे सिंहचर्म पांघरून तो निघतो, धोका दिसताच वेश गुलामाच्या अंगावर चढवतो, मेजवानीचे आमंत्रण आले की परत मागतो. पाताळातील राक्षसीच्या भीतीने तो एकदा पुढच्या रांगेत बसलेल्या स्वतःच्याच पुरोहिताकडे धावतो आणि 'मला वाचव, म्हणजे आपल्याला नंतर बरोबर बसून पिता येईल,' अशी विनवणी करतो. हा पुरोहित खरा होता. देवाच्या रंगभूमीवर मानाची जागा त्याचीच असे. 'पक्षी'मध्ये तर यज्ञांचा धूर आकाशनगरात अडवला गेल्यामुळे देव उपाशी राहतात आणि त्यांच्या शिष्टमंडळातील हेराक्लीस जेवणाच्या वासानेच तडजोडीला तयार होतो.

ग्रीकांच्या दृष्टीने देव माणसांसारखे रागीट, लोभी आणि विषयासक्त असू शकत. त्यांचे सामर्थ्य त्यामुळे कमी होत नसे. उत्सवातली ही मोकळीक पूजेच्या चौकटीतली होती. ती चौकट सोडून तत्त्वज्ञान म्हणून देवांविषयी शंका घेणे वेगळे मानले जाई, आणि त्याची किंमत सॉक्रेटिसने मोजली (प्रश्न ५). हिब्रू ग्रंथात याच्या उलट चित्र आहे: तेथे इस्राएलचा देव स्वतः कधीही हास्यास्पद होत नाही, हसणे त्याच्याकडून येते (प्रश्न ९).

५. जिवंत माणसांची नावे घेऊन टिंगल करायला बंदी नव्हती का? आणि सॉक्रेटिसचा मृत्यू 'ढग' नाटकामुळे झाला हे खरे आहे का?

इ.स.पू. ४४० च्या सुमारास काही वर्षे अशा टिंगलीवर निर्बंध होता, असे प्राचीन टीकाकार नोंदवतात; एरवी मोकळीक फार मोठी होती. ॲरिस्टोफेनीसचे इ.स.पू. ४२६ चे एक नाटक (ते आज उपलब्ध नाही) परदेशी पाहुण्यांच्या देखत झाले आणि परक्यांसमोर नगराची बदनामी केल्याबद्दल क्लिऑन या प्रभावी नेत्याने कवीला नगरसभेपुढे खेचले. पुढच्या वर्षी लेनायातल्या 'अकार्नियन्स'मध्ये कवी नायकाच्या तोंडून म्हणवतो की आज घरातलीच मंडळी आहेत, परदेशी अजून आलेले नाहीत, त्यामुळे तो आरोप होणार नाही. त्यानंतरच्या 'घोडेस्वार'मध्ये (४२४) क्लिऑन हा मालकाची खुशामत करणारा लबाड गुलाम म्हणून अवतरतो आणि एक सॉसेजविक्या त्याच्यापेक्षाही निर्लज्ज ठरून त्याला हरवतो. या नाटकाला पहिले बक्षीस मिळाले. आणि त्याच नागरिकांनी त्याच सुमारास क्लिऑनला सेनापती म्हणून निवडून दिले. रंगभूमीवरचे हसू मतपेटीपर्यंत जातेच असे नाही, याचा हा जुना आणि स्पष्ट पुरावा आहे.

सॉक्रेटिसविषयीचा दावा मात्र अर्धवट खरा आहे. 'ढग' इ.स.पू. ४२३ मध्ये सादर झाले आणि तीन नाटकांत तिसरे आले. आज आपण वाचतो ती नंतर सुधारलेली संहिता आहे. त्यात सॉक्रेटिस टोपलीत बसून हवेत लोंबकळतो. पिसू स्वतःच्या किती पावलांइतकी उडी मारते हे मोजण्यासाठी त्याच्या शाळेत पिसवेचे पाय कोमट मेणात बुडवतात, मेण थंड झाल्यावर तिच्या पायांत इवलाली पादत्राणे तयार होतात, आणि त्यांच्या मापाने अंतर मोजतात. खटला इ.स.पू. ३९९ मध्ये, म्हणजे चोवीस वर्षांनी झाला. प्लेटोने लिहिलेल्या बचावाच्या भाषणात सॉक्रेटिस जुन्या गैरसमजांचा उगम सांगताना ॲरिस्टोफेनीसच्या नाटकाचा आणि त्यातल्या हवेत चालणाऱ्या सॉक्रेटिसचा स्पष्ट उल्लेख करतो. नाटकाने प्रतिमा घडवली. शिक्षा मात्र युद्धातील पराभव, जुलमी राजवटीच्या आठवणी आणि सॉक्रेटिसचे काही बदनाम शिष्य या सर्वांच्या सावलीत झाली. प्लेटोच्या 'सिम्पोझियम'मध्ये तर ॲरिस्टोफेनीस आणि सॉक्रेटिस एकाच मेजवानीला आहेत आणि त्यांच्यात वैर दिसत नाही.

६. सॅटर नाटक म्हणजे काय?

तीन शोकांतिकांनंतर येणारे हे छोटे, खट्याळ नाटक. कथा पुराणातलीच, पण कोरस घोड्याची शेपटी आणि कान असलेल्या, दारूला आणि भीतीला सहज बळी पडणाऱ्या सॅटरांचा. पूर्ण स्वरूपात युरिपिडीसचे 'सायक्लॉप्स' एवढेच शिल्लक आहे. त्यात एकडोळ्या राक्षसाला आंधळे करायची वेळ आली की सॅटरांचे पाय अचानक लंगडू लागतात. सोफोक्लीसच्या 'शोध घेणारे' या सॅटर नाटकाचा मोठा तुकडा इजिप्तमधील ऑक्सिरिंकस येथील पपायरसांत सापडला आणि १९१२ मध्ये प्रकाशित झाला.

७. शोकांतिकेतही विनोद असतो का?

असतो, आणि तो नेमक्या जागी असतो. एस्किलसच्या 'ओरेस्टिया'च्या (इ.स.पू. ४५८) दुसऱ्या भागात राजपुत्र ओरेस्टीस मेला अशी खोटी बातमी आल्यावर त्याची म्हातारी दाई रडत येते आणि बाळपणी त्याची दुपटी कशी धुवावी लागत, बाळाच्या पोटाला काळवेळ कसे कळत नाही, हे सांगू लागते. राजवाड्यात खून शिजत असताना ऐकू येणारे हे घरगुती बोलणे हसू आणते आणि त्या घरात खरे दुःख करणारी एकटी तीच आहे, हेही दाखवते. सोफोक्लीसच्या 'अँटिगनी'तील पहारेकरी वाईट बातमी सांगायची म्हणून वाटेत किती वेळा थांबलो, मागे वळलो, याचीच कहाणी आधी सांगत बसतो. युरिपिडीसची 'अल्सेस्टिस' (४३८) तर सॅटर नाटकाच्या जागीच सादर झाली होती. त्यात घरात सुतक असल्याचे ठाऊक नसलेला हेराक्लीस दारू पिऊन गात सुटतो.

सर्वांत अवघड उदाहरण युरिपिडीसच्या 'बॅके'मध्ये आहे. डायोनिससला देव न मानणारा पेन्थिअस राजा त्याच्याच मोहिनीने स्त्रीवेश घालतो आणि झग्याच्या चुण्या टाचेवर नीट पडतात का, हे वळून वळून पाहतो. प्रेक्षक हसतात; त्याच वेशात थोड्याच वेळाने त्याची आई त्याचे तुकडे करणार असते. त्या प्रसंगातील हसू देवाच्या बाजूचे आहे, आणि ते हसू आपल्या ओठांवर आले होते हे आठवून नंतर अंगावर काटा येतो.

८. पवित्र ग्रंथात विनोद आहे असे म्हणणे अनादराचे नाही का? आणि तेथे विनोद आहे हे ओळखायचे कसे?

अनादर होत नाही, कारण या कथा सांगणाऱ्यांनी विनोद मुद्दाम आणि कौशल्याने वापरला आहे. तो नाकारणे हाच त्यांच्या कारागिरीवर अन्याय ठरेल. अडचण ओळखण्याची आहे. ग्रीक कॉमेडीला मुखवटा, पोशाख आणि स्पर्धेचे नाव होते, त्यामुळे हसायला परवानगी आधीच मिळालेली असे. हिब्रू कथनकार गंभीर चेहऱ्याने दोन ओळींत प्रसंग सांगून पुढे जातो. म्हणून खुणा शोधाव्या लागतात: कृतीची तिहेरी पुनरावृत्ती, प्रमाणाबाहेरची अतिशयोक्ती, वाचकाला ठाऊक असलेली गोष्ट पात्राला ठाऊक नसणे, आणि सत्ताधाऱ्याचे शेवटी उघडे पडणे.

एक छोटे उदाहरण घ्यावे. निर्गमच्या ३२ व्या अध्यायात मोशे पर्वतावर असताना त्याचा भाऊ अहरोन लोकांचे सोने गोळा करून, हत्याराने घडवून पूजेसाठी वासरू तयार करतो. मोशेने जाब विचारल्यावर तो सांगतो की सोने मी अग्नीत टाकले, आणि हे वासरू बाहेर आले. कथनकार त्यावर एक शब्दही बोलत नाही. काही ओळी आधी त्याने हत्याराचा उल्लेख केलेला आहे, तेवढे त्याला पुरते. कोणते उतारे विनोदी मानावेत यावर अभ्यासकांत मतभेद आहेत, आणि अशा शैलीत ते राहणारच.

९. बायबलमध्ये हसण्याचा थेट उल्लेख कोठे आहे? देव हसतो का?

सर्वांत महत्त्वाचे हसणे उत्पत्तीत आहे. शंभर वर्षांच्या उंबरठ्यावरचा अब्राहाम आणि नव्वदीची सारा यांना पुत्र होईल असे देव सांगतो, तेव्हा अब्राहाम पालथा पडतो आणि हसतो (अध्याय १७). पुढच्या अध्यायात तंबूच्या दाराआड उभी असलेली सारा पाहुण्यांचे बोलणे ऐकून मनातल्या मनात हसते, की मी वाळून गेले आणि माझा धनीही म्हातारा झाला, आता मला हे सुख मिळणार! सारा का हसली, असे परमेश्वर अब्राहामाला विचारतो. घाबरून ती म्हणते, 'मी हसले नाही.' उत्तर येते, 'नाही कसे, हसलीसच.' विश्वाचा निर्माता आणि एक म्हातारी यांच्यातला वाद इतक्या घरगुती पातळीवर येऊन थांबतो, आणि तिला शिक्षा होत नाही. मुलगा झाल्यावर त्याचे नाव हसण्यावरूनच इसहाक ठेवले जाते, आणि अविश्वासाने हसलेली सारा आता ऐकणारा प्रत्येकजण माझ्याबरोबर हसेल असे म्हणते.

देवाचे हसणे वेगळे आहे. दुसऱ्या स्तोत्रात पृथ्वीवरचे राजे त्याच्याविरुद्ध कट करतात आणि स्वर्गात बसलेला हसतो. हे तिरस्काराचे हसू आहे. त्यात बरोबरीच्या नात्याचा ओलावा नाही. उपदेशक ग्रंथ हसण्याला त्याचा समय देतो, आणि मूर्खाचे हसणे हंडीखाली तडतडणाऱ्या काट्यांसारखे आहे असेही बजावतो. नीतिसूत्रांचा लेखक स्वतः मात्र हसवतो: आळशी माणूस ताटात हात घालतो आणि तो तोंडापर्यंत न्यायचाही त्याला कंटाळा येतो.

१०. बलामची गाढवी बोलते ती कथा चमत्काराची आहे की विनोदाची?

दोन्ही. गणनाच्या २२ व्या अध्यायात मोआबचा राजा इस्राएलला शाप देण्यासाठी बलाम या नामांकित द्रष्ट्याला बोलावतो. वाटेत तलवार उपसून उभा असलेला देवदूत गाढवीला दिसतो, द्रष्ट्याला दिसत नाही. ती आधी शेतात वळते, मग कुंपणाच्या भिंतीला घसटून त्याचा पाय चेंगरते, आणि तिसऱ्यांदा जागाच न उरल्याने खाली बसते. तिन्ही वेळा तो तिला मारतो. मग ती बोलते. जनावराला वाचा फुटली याचे बलामला मुळीच आश्चर्य वाटत नाही. तो भांडतो, आणि हातात तलवार असती तर तुला मारूनच टाकले असते, असे म्हणतो. तलवार तेव्हा त्याच्या समोरच, देवदूताच्या हातात असते. ज्याच्या शब्दाने राष्ट्र नष्ट व्हावे म्हणून राजा पैसे मोजतो, त्याला स्वतःच्या गाढवीपुढे शब्दाने जिंकता येत नाही.

११. हिब्रू बायबलमधील सर्वांत विनोदी पुस्तक कोणते?

आमच्या मते योना. अवघे चार अध्याय, आणि प्रत्येक गोष्ट उलटी. देव पूर्वेला निनवेस जा म्हणतो, संदेष्टा पश्चिमेला तार्शीशच्या जहाजात बसतो. वादळात परदेशी खलाशी प्रार्थना करतात आणि देवाचा माणूस तळघरात झोपलेला असतो. शेवटी निनवेत त्याने केलेले प्रवचन हिब्रूत पाच शब्दांचे आहे, आणि तेवढ्यावर ते अवाढव्य शहर पश्चात्ताप करते. राजाच्या फर्मानाप्रमाणे गुरेढोरेही उपास करतात आणि गोणताट पांघरतात. यिर्मयाचे आयुष्यभर फारसे कोणी ऐकले नाही, आणि येथे बैलसुद्धा ऐकतात. या यशाने योना संतापतो, कारण देव दयाळू निघेल ही भीती त्याला आधीपासूनच होती. सावली देणारे रोप वाळले म्हणून तो मरण मागतो. मग देव विचारतो की तुला एका रोपाची कीव येते, तर ज्यांना उजवाडावा हात कळत नाही अशी एक लाख वीस हजारांहून अधिक माणसे आणि पुष्कळ गुरेढोरे असलेल्या निनवेची मला येऊ नये काय? पुस्तक या प्रश्नावरच संपते. असुरी साम्राज्याने इस्राएलचे उत्तरेकडील राज्य नष्ट केले होते आणि निनवे ही त्याच साम्राज्याची राजधानी. अशा शत्रूवर दया करायला सांगणारे हे पुस्तक यहुदी लोक योम किप्पूर या सर्वांत गंभीर दिवशी दुपारी वाचतात.

१२. मग एस्तेरचे पुस्तक?

एस्तेर हे दरबारी प्रहसनाच्या सर्वांत जवळ जाणारे पुस्तक आहे. पर्शियाचा अहश्वेरोश राजा एकशे ऐंशी दिवस वैभव मिरवतो. राणी वश्ती यायला नकार देते, तेव्हा १२७ प्रांतांत प्रत्येकाच्या भाषेत फर्मान जाते की पुरुषाने आपल्या घरात सत्ता चालवावी. स्वतःच्या घरात ज्याचे चालले नाही त्याचे हे फर्मान. सहाव्या अध्यायातील प्रसंगाची बांधणी कोणत्याही नाटककाराला हेवा वाटावा अशी आहे: यहुदी राणी एस्तेरचा पालक मर्दखय याला फासावर चढवण्याची परवानगी मागायला राजाचा मुख्य मंत्री हामान पहाटे दरबारात येतो, राजाला झोप न आल्याने त्याच रात्री मर्दखयची जुनी सेवा आठवलेली असते. राजा नाव न घेता विचारतो, 'ज्याचा सन्मान करावासा राजाला वाटतो त्याचे काय करावे?' हामानाला वाटते, माझ्याखेरीज आणखी कोण असणार! तो राजवस्त्रे आणि राजाचा घोडा सुचवतो, आणि त्या घोड्यावर मर्दखयला बसवून शहरभर ललकारी देत फिरण्याचे काम त्याच्याच गळ्यात पडते. या पुस्तकाच्या हिब्रू संहितेत देवाचे नाव एकदाही येत नाही. ग्रीक भाषांतरात प्रार्थना घालून ती उणीव भरून काढली गेली. शेवटच्या रक्तपाताविषयी प्रश्न १६ पाहावा.

१३. संदेष्टे मूर्तिपूजेची टिंगल करतात. मूर्तिपूजक परंपरेतल्या वाचकाने ती कशी वाचावी?

उतारे आधी नीट पाहावेत. कर्मेल डोंगरावर बआल या कनानी देवाचे ४५० संदेष्टे सकाळपासून हाका मारत नाचतात, तेव्हा इस्राएलच्या देवाचा संदेष्टा एलीया म्हणतो की मोठ्याने ओरडा, तो देव आहे ना. विचारात गढला असेल, बाहेर गेला असेल, प्रवासात असेल किंवा झोपला असेल (१ राजे १८). 'बाहेर गेला'चा अर्थ शौचाला गेला असाही घेतला जातो. यशयाच्या ४४ व्या अध्यायात एक कारागीर झाड तोडतो, अर्ध्या लाकडावर मांस भाजून 'वा, ऊब आली' म्हणतो, आणि उरलेल्या अर्ध्याचा देव करून त्यापुढे पालथा पडतो.

यशयाचा हा भाग बहुतेक अभ्यासक बाबेलच्या बंदिवासाच्या काळातला मानतात. जेरुसलेमचे मंदिर इ.स.पू. ५८६ च्या सुमारास जळाले होते आणि विजेत्यांच्या देवमूर्ती वाजतगाजत मिरवल्या जात होत्या. पराभूतांकडे शस्त्र होते ते हसण्याचे. पण हे चित्रण एकतर्फी आहे, हेही स्पष्ट सांगायला हवे. मेसोपोटेमियात मूर्तीचे मुख धुण्याचा मोठा विधी असे. त्यात कारागीर 'ही आम्ही घडवली नाही' असे जाहीर करत, आणि त्यानंतरच देवता मूर्तीत वसली असे मानले जाई. प्राणप्रतिष्ठा ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला लाकूड आणि देवता यांतला हा भेद समजावून सांगावा लागणार नाही. यशयाचा कवी तो मुद्दाम दुर्लक्षितो, जसा 'ढग'चा कवी खऱ्या सॉक्रेटिसकडे दुर्लक्ष करतो. विडंबनाला प्रतिपक्षाचे मत म्हणून वाचू नये.

१४. दोन्ही परंपरांचा एकमेकींवर प्रभाव पडला का? प्राचीन यहुद्यांत नाटक का नव्हते?

ॲरिस्टोफेनीस आणि हिब्रू कथनकार एकमेकांना ओळखत होते असे मानायला आधार नाही. ग्रीक रंगभूमी एका देवाच्या उत्सवातून वाढली, त्यामुळे धर्मनिष्ठ यहुद्यांना तिच्यापासून दूर राहावेसे वाटणे स्वाभाविक होते. पुढे तालमूद या यहुदी धर्मचर्चांच्या संग्रहातही नाट्यगृहांत जाण्याविरुद्ध इशारे आहेत. पण भेट झालीच नाही असे नाही. अलेक्झांडरनंतरच्या ग्रीक जगात, बहुधा इ.स.पू. दुसऱ्या शतकात, एझेकिएल नावाच्या यहुदी कवीने इजिप्तमधून सुटकेची कथा ग्रीक शोकांतिकेच्या छंदात लिहिली. तिच्या सुमारे २६९ ओळी चर्चचा इतिहासकार युसेबियस याच्या ग्रंथातून आपल्यापर्यंत आल्या आहेत. ती कृती गंभीर आहे. हिब्रू कथांचा विनोद रंगभूमीवर आला तो फार नंतर, युरोपातील यहुदी वस्त्यांत पुरीमच्या सणाला एस्तेरच्या कथेवर होणाऱ्या खेळांतून.

१५. मराठीशी या विषयाचा काही संबंध आहे का?

आहे, आणि तो जुना आहे. कोकणातील बेने इस्राएल हा यहुदी समाज पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलत आला आहे. तेल गाळण्याचा व्यवसाय आणि शनिवारचा विसावा यांमुळे गावकरी त्यांना 'शनिवार तेली' म्हणत. पुरीमला ते 'होळीचा सण' म्हणत. दोन्ही सण फाल्गुनाच्या आसपास येतात आणि दोन्हींत गोंगाटाला मोकळीक आहे, कारण सभास्थानात एस्तेरचे पुस्तक वाचताना हामानाचे नाव आले की ते ऐकू येऊ नये इतका आवाज करायचा असतो. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात या समाजाने बायबलमधील कथांवर मराठी कीर्तनेही केली. मूळ हिब्रू आणि ग्रीकवरून संपूर्ण बायबल मराठीत आणण्याचे काम पंडिता रमाबाईंनी केले. ते भाषांतर १९२४ मध्ये, त्यांच्या निधनानंतर, प्रसिद्ध झाले.

१६. यांतील काही विनोद क्रूर वाटतात. उपासमार, खून, कत्तल यांवर हसणे कसे समजून घ्यावे?

प्रत्येक प्रसंग वेगळा तपासावा लागतो. 'अकार्नियन्स'मध्ये अथेन्सच्या नाकेबंदीमुळे उपाशी असलेला मेगाराचा एक माणूस आपल्या दोन लहान मुलींना डुकराची पिल्ले म्हणून गोणीत घालून बाजारात आणतो आणि मूठभर लसूण व मिठासाठी विकतो. एके काळी लसूण आणि मीठ हीच मेगाराची विक्रीची जिन्नस होती. विनोद अश्लील आहे, प्रेक्षक विजेत्यांच्या बाजूचे आहेत, आणि तरीही आपल्याच नगराने शेजाऱ्याचे काय केले हे त्यांच्या डोळ्यांसमोर उभे राहते.

शास्तेच्या तिसऱ्या अध्यायात डावखुरा एहूद मोआबच्या स्थूल एग्लोन राजाच्या पोटात सुरा खुपसतो, चरबी मुठीवर मिटते, आणि राजा शौचाला बसला असेल असे समजून सेवक दाराबाहेर ताटकळत राहतात. अठरा वर्षे खंडणी भरलेल्यांनी आपसांत सांगितलेली ही कथा आहे. तिचा ग्राम्यपणा खालून वर फेकलेला आहे. एस्तेरच्या नवव्या अध्यायात यहुदी आपले पंचाहत्तर हजार शत्रू मारतात. प्रहसनातील फुगवलेल्या आकड्यांच्या ओळीत हा आकडा बसतो, तो इतिहास नव्हे, असे अनेक अभ्यासक म्हणतात. ते पटण्याजोगे आहे, पण त्यामुळे अस्वस्थता पुरती जात नाही, आणि यहुदी भाष्यकारांनाही ती जाणवलेली आहे.

वाचक ज्याविषयी सर्वाधिक विचारतात तो अलीशाचा प्रसंग (२ राजे २) मात्र आम्ही विनोदी मानत नाही. काही मुले संदेष्ट्याला 'टकल्या, वर जा' म्हणून चिडवतात, तो शाप देतो आणि दोन अस्वली बेचाळीस मुलांना फाडतात. येथे प्रश्न ८ मधील खुणांपैकी मोठी संख्या आहे, पण प्रसंगाला वळण नाही, कोणाचे अज्ञान उघड होत नाही, आणि जे पडतात ते सत्तेवर बसलेले नाहीत. त्याचा गुरू एलीया नुकताच स्वर्गात वर घेतला गेला आहे आणि नव्या संदेष्ट्याच्या शब्दात तेच सामर्थ्य आहे की नाही, हे कथेला दाखवायचे आहे. त्याच अध्यायात थोडे आधी त्याच शब्दाने यरीहोचे दूषित पाणी गोडे झाले आहे.